लापशीचं पातेलं कुठे आहे

तास्या,

पोहून आलीस की ही चिठ्ठी शेवटपर्यंत वाच, आणि तूच वाच. भाषांतरासाठी फोनला दाखवू नकोस. माझं रशियन अक्षर त्याला लागत नाही. परवा दाखवून पाहिलं, तर म्हणाला, "घोडा धुऊन घ्या."

मी शनिवारच्या रशियन शाळेत चालले आहे. काल तुझी आई बाईंना फोनवर म्हणाली, "पोरीला कंटाळा येतो, नाव काढून टाका." मग तुझ्या बाकावर मीच बसते. लहानपणी मी शाळेऐवजी गाई राखल्या. अक्षरं शिकले ती तुझ्या गृहपाठाच्या वेळी, शेजारी बसून. आता तू सोडलीस तर मी कुणाच्या वहीत डोकवायचं?

आईवर चिडू नकोस. मी तिच्यावर रशियनमध्ये ओरडते, ती माझ्यावर इंग्रजीत. आमचं बरं चाललंय.

कुट्टूची लापशी केली आहे. पातेलं नेहमीसारखं रजईत गुंडाळून उबेला ठेवलंय. गेल्या आठवड्यात सोफ्यावर ठेवलं होतं, तर तुझे बाबा त्यावर धपकन बसले आणि दिवसभर म्हणत होते, "आई, या घरात जेवण झोपतं आणि माणसं उभी राहतात." म्हणून या वेळी ते तुझ्या पलंगावर ठेवलंय.

ही ओळ उभ्याने वाचत असलीस, तर लापशी डब्यात भर आणि शाळेत ये. बाकावर मी सरकून बसते. पलंगावर बसून वाचत असलीस, तर आधी चादर भिजत घाल. मग ये.

आजी