एअर गनर धुरी यांचे प्रास्ताविक

रविवार, ता. ८ जानेवारी १९८४, घाटकोपर

आजपासून नियमित रोजनिशी. पत्नी माणिकला जाऊन पाच महिने झाले. शोक करीत बसणे हा, ज्यांना दुसरा उद्योग नाही त्यांचा उद्योग आहे. मला आहे. दुसऱ्या महायुद्धात लढलेल्या मराठी हवाई सैनिकांच्या आठवणी ध्वनिमुद्रित करून ग्रंथ सिद्ध करणार. खंड पाच. सूनबाईंना योजना सांगितली. अनुपमा म्हणाली, "बाबा, अशा एकाला तरी ओळखता का?" संशोधनाविषयी नव्या पिढीचे घोर अज्ञान.

शनिवार, ता. १४ जानेवारी

संक्रांत. तिळगूळ दुकानातला. असो.

अनुपमाच्या ऑफिसातील एका बाईंचे काका सापडले. दत्ताराम धुरी, सांताक्रूझ. मूळचे मालवणकडचे. ब्रह्मदेशच्या आघाडीवर विमानात मागे तोंड करून बसत व मशीनगन चालवीत. पुढे गिरणीत नोकरी. विमान जंगलात कोसळल्यावर जखमी वैमानिकाला पाठीवर घेऊन ते चालत बाहेर आले म्हणे. कसे आले, हे कोणीच लिहून ठेवलेले नाही, आणि त्यांच्या तुकडीतले माहितीतले बाकी सगळे वारले. आज समक्ष भेटलो. म्हणाले, "शिमग्याक गावाक जातंय, परत येवचंय नाय. काय ता आत्ताच विचारा." चाळीस प्रश्नांची प्रश्नावली टाईप करून घेणार.

रविवार, ता. २२ जानेवारी

वाचनालयात व्याख्यान. कार्यवाह बर्वे यांनी प्रास्ताविकातच इतका वेळ घेतला की पाहुणे घड्याळ पाहून उठले. काही माणसांना स्वतःचाच आवाज प्रिय असतो.

रविवार, ता. ५ फेब्रुवारी

पहिली बैठक. टेपरेकॉर्डर अनुपमाचा. प्रास्ताविकावाचून मुलाखत म्हणजे अक्षतांवाचून लग्न. म्हणून आधी ग्रंथाचा हेतू, युद्धाची कारणे व संकल्पाची प्रेरणा थोडक्यात सांगितली. प्रेरणेच्या ओघात घरगुती परिस्थितीचा ओझरता उल्लेख झाला. त्यावर धुरी यांनी "वैनींका काय झाला होता?" असा विषयबाह्य प्रश्न केला. दोन वाक्यांत उत्तर देऊन मूळ विषयाकडे वळलो. तेवढ्यात कॅसेट संपली. हल्ली कॅसेटी फार आखूड काढतात.

रविवार, ता. १९ फेब्रुवारी

दुसरी बैठक. धुरी आपण होऊन "त्या दिवशी धुका होता" अशी सुरुवात करू लागले. नेमके तेव्हाच छपरावरून विमान गेले. विमानतळाशेजारी राहणाऱ्यांना आवाजाचे काही वाटत नाही, परंतु ध्वनिमुद्रण स्वच्छ हवे. त्यांना हात करून थांबविले. विमान गेल्यावर दुवा तुटला होता, सबब मागील बैठकीचा गोषवारा मीच दिला. त्यांच्या पत्नी सुगंधाबाई अधूनमधून पदराने डोळे पुसत होत्या. युद्ध म्हटले की बायका हळव्या होतात. "भावजी, हयसरच जेवा," असा त्यांनी आग्रह केला. घावणे उत्तम.

घरी अनुपमाने विचारले, "मग, काय म्हणाले काका?" पार्श्वभूमी पक्की होत आहे, असे सांगितले. "बाबा, त्यांनाही जरा बोलू द्या ना." जणू मी बर्वे.

रविवार, ता. ११ मार्च

अखेरची बैठक. खोलीत सामानाची बोचकी. एकूण बैठकांचे सिंहावलोकन केले व रीतीप्रमाणे आभारप्रदर्शनही उरकले. दिवस मावळला तेव्हा प्रश्नावली काढली, पण धुरी यांनी माझा हात हातात धरला व बराच वेळ सोडला नाही. काहीतरी पुटपुटले, ते आभारच असणार. शिस्तीचा माणूस. कॅसेटींवर "वैमानिक, खंड पहिला" अशी लेबले डकवली.

रविवार, ता. १८ मार्च

धुळवड. खाली पोरांचा गोंधळ. खिडकी लावून लेखनास बसलो. धुरी मंडळी गावी पोहोचली असतील.

पहिली कॅसेट: मी. दुसरी बाजू: मी. मध्ये एकदा धुरी, "चाय थंड होता, घेवा." पुढे पुन्हा मी. दोन वाक्यांतले ते उत्तर कॅसेटीच्या शेवटापर्यंत चालते. माणिकने त्या रात्री खिडकी उघडायला सांगितली होती. डास येतील, असे मी म्हणालो. हे कोणापाशी बोलल्याचे मला स्मरत नाही. टेपवर तीनदा आहे.

शेवटच्या कॅसेटीवर, आभारांनंतर, यंत्र बंद करावयाचे राहिले असावे. धुरी हळू आवाजात म्हणतात, "मीय पाठमोरोच बसायचंय. फुडचा काय माका दिसायचाच नाय. मागे सुटला, ता तेवढा दिसायचा." मग खट्. जंगलातून ते कसे बाहेर आले, हे इतिहासाला ठाऊक नाही.

अनुपमा दारात उभी होती. किती ऐकले, विचारले नाही. तिने चहा ठेवला आणि म्हणाली, "बाबा, मालवणला जाऊन या." खिडकी उघडली तिनेच. रंगाचा एक फुगा आत आला. प्रश्नावली गुलाबी झाली.

गुरुवार, ता. २२ मार्च

एस.टी.चे रिझर्वेशन झाले. कोऱ्या कॅसेटी घेतल्या. या खेपेस धुरी बोलतील, मी ऐकेन, असा दृढ निश्चय आहे. प्रास्ताविक लिहून नेणार नाही.

ते आता पाठ झाले आहे.