मध्यंतरात आलेला निरोप

मी, हर्बर्ट क्लेग, वय एक्क्याऐंशी, राहणार सेंट लेनर्ड्स, समुद्राकडच्या रस्त्यावर चौथा मजला, रंगभूमीवर आणि पडद्यावर ऑब्रे फेनविक या नावाने वावरलेला, हे मृत्युपत्र जेवणाच्या टेबलापाशी बसून स्वतःच्या हाताने लिहीत आहे. डोके ठिकाणावर आहे. गेल्या मंगळवारी डॉक्टरांनी मला शंभरातून सात-सात वजा करायला लावले, आणि वजाबाकी शाळेत जमत नव्हती तशीच मला अजूनही जमली नाही, तरी त्यांनी दाखला दिला. माझ्यावर कोणी जोर केलेला नाही. जोर करायला घरात कोणी नाही. एकोणीसशे ब्याण्णवचे मृत्युपत्र याने रद्द झाले असे धरावे. त्यात एका मांजराची तरतूद होती. ते कधीच गेले.

दोन नावांचा घोळ असा: नटांच्या संघटनेत एका नावाचे दोन सभासद चालत नाहीत आणि माझ्याआधी एक हर्बर्ट क्लेग नोंदलेला होता. तो उंटाच्या सोंगातले मागचे पाय करायचा. नाव मला बदलावे लागले.

कलम १. हे सर्व अमलात आणण्याचे काम माझे वकील श्री. क्रॉली यांनी करावे. मजकूर टाइप करून घ्या, असे त्यांनी तीनदा बजावले. परंतु पाचवे कलम त्यांच्या कचेरीतल्या बाईंनी वाचावे आणि मग दुपारच्या सुट्टीत चघळावे, हे मला नको आहे.

कलम २. माझे दहन करावे. एक प्रार्थनागीत पुरे. भाषणे नकोत, आणि नटांची तर मुळीच नकोत, कारण नट मेलेल्या माणसाबद्दल बोलायला उभा राहतो आणि स्वतःबद्दल बोलून खाली बसतो. मी अशी अकरा भाषणे केली आहेत. नंतर डुकराच्या मांसाची सँडविचेस द्यावीत आणि ती कोरडी नसावीत.

कलम ३. रंगाची पेटी. ही मुळात बिस्किटांची डबी आहे. रॉचडेलमध्ये वडिलांचे आतडी-खुर विकण्याचे दुकान होते. सतराव्या वर्षी मी नट व्हायला निघालो तेव्हा आईने या डबीत पाव बांधून दिला. वडील दुकानातून बाहेर आले नाहीत. ओल्डममध्ये दर आठवड्याला नवे नाटक करावे लागे: रात्री एक करायचे, सकाळी पुढचे पाठ करायचे. कपडेपट सांभाळायला विनिफ्रेड होती. टाचण्या तोंडात धरून ती मला सरळ उभा राहायला सांगायची, आणि मी राहायचो. पुढे आमचे लग्न झाले. डबी गावातल्या हौशी नाटक मंडळाला द्यावी. आतल्या रंगाच्या कांड्या सुकल्या आहेत, त्या टाकून दिल्या तरी चालतील.

कलम ४. काळा लोकरी ओव्हरकोट, जो मी दूरदर्शनवरच्या पोलीस इन्स्पेक्टरच्या कामात नऊ वर्षे घातला, तो श्री. क्लाइव्ह डनमोर यांना. क्लाइव्ह एकोणीसशे एकोणऐंशी साली माझा बदली नट होता. मी आजारी पडलो तर त्याने काम करायचे, एवढ्यासाठी तो दर खेळाला येऊन बसायचा, आणि मी आजारी पडलो नाही. हा माझा अपराध त्याने मनात धरून ठेवला आहे. काही वर्षांपूर्वी एका जेवणाच्या वेळी भरल्या टेबलावर तो म्हणाला, ‘त्या बुधवारी मध्यंतरात मॉरिसने मला घाईघाईने कपडे चढवायला लावले. का, ते अजून कळलं नाही बुवा.’ मी मीठ मागितले. त्यानंतर मी क्लाइव्हला टाळत आलो. क्लाइव्ह, तुला कपडे का चढवायला लावले ते पुढे लिहिले आहे. कोट खांद्यात सैल होईल.

कांस्याचा पुतळा, म्हणजे मला मिळालेले बक्षीस, कोपऱ्यावरच्या दारूच्या गुत्त्याला द्यावा. त्यांचे मागचे दार वाऱ्याने आपटते, ते अडवायला बरा. ते बक्षीस मला न हलणाऱ्या चेहऱ्यासाठी मिळाले. एका समीक्षकाने लिहिले होते की फेनविक काही करत नाहीत आणि आपण मात्र रडू लागतो. दुसऱ्याने लिहिले की बसची वाट पाहणारा माणूस असा दिसतो. दुसऱ्याचे बरोबर होते. आतून काही वर येत नसे, म्हणून बाहेरही येत नसे. कॅमेऱ्याला ते आवडले आणि लोकांनी त्याला कला म्हटले. मी अडतीस वर्षे त्यावर जेवलो.

कलम ५. मी राहतो ते चौथ्या मजल्यावरचे घर, आतल्या सामानासकट, मी श्री. मॉरिस हॅडफील्ड यांना देत आहे. त्याचे कारण इथेच लिहिणे भाग आहे.

मॉरिस आमच्या मंडळीचा रंगमंच व्यवस्थापक होता. पडदा, दिवे, घंटा, नटांना हाक मारणे, विसरलेले वाक्य विंगेतून पुरवणे, हे सगळे त्याच्याकडे. माझी मुलगी जुडिथ हिचा तो बाप्तिस्म्याच्या वेळेपासूनचा धर्मपिता. शाळेला सुट्टी असली की ती त्याच्या शेजारी स्टुलावर बसून नाटक पाहायची, आणि मध्यंतराची घंटा तो तिला वाजवू द्यायचा. त्याने तिला लाकडाचे छोटे नाट्यगृह करून दिले होते, खरा पडदा वर जाणारे. त्याला स्वतःला लेकरू नव्हते.

मार्च एकोणीसशे एकोणऐंशीत आम्ही नॉटिंगहॅमला होतो. विनिफ्रेडच्या पित्ताशयाची शस्त्रक्रिया झाली होती आणि शुक्रवारी तिला घरी सोडणार होते. चौदा तारखेला, बुधवारी, दुपारचा खेळ होता. सगळी निदाने चुकवणाऱ्या एका गावठी डॉक्टरचे ते विनोदी नाटक, डॉक्टर मी. तीन वाजून पंचवीस मिनिटांनी, मध्यंतरात, रुग्णालयातून फोन आला.

आमच्या धंद्यात एक रीत आहे. खेळ चालू असताना वाईट निरोप आला तर तो मागच्या दाराच्या रखवालदाराने व्यवस्थापकाकडे द्यायचा आणि व्यवस्थापकाने शेवटचा पडदा पडेपर्यंत खिशात ठेवायचा. सगळे नट हे जाणून असतात आणि कोणी तक्रार करत नाही. मॉरिसने आयुष्यात एकदाच ही रीत मोडली. तो माझ्या रंगपटात आला, दार लावून घेतले आणि म्हणाला, ‘विनीचं अचानक बिघडलंय. तासाभराचंच आहे म्हणतात. जुडिथ तिथे मावशीबरोबर आहे. तू नीघ. क्लाइव्हला मी तयार करतोय.’

थिएटरपासून रुग्णालय चालत बारा मिनिटांवर होते. ते अंतर मी नंतर बऱ्याच वेळा चालून पाहिले आहे.

त्या दिवशी पाचव्या रांगेत सिनेमाचा एक माणूस बसला होता. माझ्यासाठी आला होता. मी त्रेचाळीस वर्षांचा होतो. मी आरशात पाहत मिशी चिकटवत होतो आणि मॉरिसला म्हणालो, ‘तू मला काही सांगितलं नाहीस.’ मग त्याने दार उघडले आणि दुसऱ्या अंकाची हाक दिली.

मला त्या क्षणी काय वाटले, असे कोणी विचारील. मी पुष्कळ आठवून पाहिले. मिशीचा डिंक ओला होता एवढे आठवते. दुसऱ्या अंकात लोक पोट धरून हसले. सिनेमाचा माणूस पुढे मला म्हणाला, बाकी सगळे धावपळ करत होते आणि तुम्ही नुसते उभे होता, तेव्हाच मी ठरवले. विनिफ्रेड चार वाजून दहा मिनिटांनी गेली. ती शेवटपर्यंत शुद्धीवर होती आणि दाराकडे पाहत होती, हे मला जुडिथने सांगितले. ती तेव्हा अकरा वर्षांची होती.

पडदा पडल्यावर रखवालदार टोपी काढून पुढे आला आणि मी जणू पहिल्यांदाच ऐकले. पायऱ्यांवर बसलो. सगळ्या मंडळीदेखत मी मॉरिसला विचारले, ‘तू मला सांगितलं का नाहीस?’ तो म्हणाला, ‘रीत आहे, ऑब्रे.’

रीत असल्यामुळे त्याची नोकरी गेली नाही. परंतु जुडिथला कोणी तरी सांगितले की मॉरिसकाकांनी निरोप दाबला म्हणून बाबा आले नाहीत. ते कोणी तरी म्हणजे मी. अंत्यविधीच्या दुसऱ्या दिवशी तिने ते लाकडी नाट्यगृह त्याच्या बिऱ्हाडाच्या पायरीवर नेऊन ठेवले. त्यानंतर ती त्याच्याशी एक शब्द बोललेली नाही. माझ्याशी ती फार चांगली वागते. महिन्यातून एकदा लीड्सहून येते, माझ्या गोळ्या डबीत लावून ठेवते. मॉरिस निवृत्त झाल्यावर हेस्टिंग्जला एका दुकानावरच्या खोलीत राहायला आला, आणि बारा वर्षे दर रविवारी माझ्याकडे जेवतो. ज्या रविवारी जुडिथ यायची असते त्या रविवारी तो येत नाही. आम्ही याबद्दल कधी बोललेलो नाही. तो पुडिंगबद्दल बोलतो.

म्हणून घर त्याला. आणि हे कलम श्री. क्रॉली यांनी माझ्या मृत्यूनंतर जुडिथला वाचून दाखवावे, त्याआधी नाही. मी असताना तिला हे कळले तर ती यायची बंद होईल, आणि तिच्याशिवाय माझे कोणी नाही.

कलम ६. बँकेतली शिल्लक, सिनेमांचे पुढे जे काही येत राहील ते, विनिफ्रेडचे शिवणयंत्र, आणि या कागदात ज्याची विल्हेवाट लावलेली नाही किंवा ज्याला घेणारा उरला नाही असे सर्व काही माझी मुलगी जुडिथ हिला.

इथे मृत्युपत्र संपायचे होते. पुढचा मजकूर आज रविवारी जेवणानंतर लिहिला आहे.

कलम ७. मॉरिस एक वाजता आला. गार मांस, बटाटे आणि सफरचंदाचे पुडिंग झाल्यावर मी त्याला पाचवे कलम वाचून दाखवले. तो आनंदेल, निदान हलेल, असे मला वाटले होते. त्याने चमचा बशीत आडवा ठेवला.

‘आणि मी तुझ्याआधी गेलो तर?’ त्याने विचारले.

मी म्हणालो, तर घर जुडिथला जाईल, सहाव्या कलमात सोय आहे.

‘घराचं नाही, पोरीचं विचारतोय मी,’ तो म्हणाला.

मग मी जे अडतीस वर्षे विचारले नव्हते ते विचारले, की तू गप्प का राहिलास. तो रागावेल असे वाटले होते. तो खिडकीकडे बघत साधेपणाने बोलला.

‘आई गेली होती तिची. त्यात बापाचं असं कळलं असतं तर पोरीजवळ कोण राहिलं असतं? मी काय, काका. काका गेला तरी मुलं वाढतात. पण आता ती पन्नाशीला आली, ऑब्रे. आता तिला झेपेल. तुला नाही झेपायचं, ते वेगळं.’

तीन वाजता तळमजल्यावरच्या मिसेस पार्जिटर आणि त्यांचा भाडेकरू साक्षीसाठी वर आले. श्री. क्रॉली यांनी सूचना दिली होती, ती मी सर्वांना मोठ्याने वाचून दाखवली: सही दोन साक्षीदारांसमोर व्हावी, आणि ज्याने साक्षीदार म्हणून सही केली त्याला त्या मृत्युपत्रातून काहीही मिळत नाही, त्याच्या नावाने लिहिलेले रद्द होते.

मॉरिसने भाडेकरूच्या हातातून पेन घेतले. ‘तुम्ही जा खाली, तुमचा चहा गार होईल,’ असे तो त्याला म्हणाला.

मी त्याला पुन्हा समजावले की असे केलेस तर घर जाईल. मिसेस पार्जिटर म्हणाल्या, ‘अहो, नीट विचार करा, समुद्र दिसतो इथून.’

‘ऐकलंय मी, बहिरा नाही झालो,’ मॉरिस म्हणाला. मग माझ्याकडे वळून, ‘घर देऊन सुटायचं नाही तुला. तू जिवंतपणी सांगायचंस तिला. आज. तुझ्या तोंडाने.’

मी म्हणालो, ती मला सोडून जाईल. तो म्हणाला, जाईल कदाचित.

त्याने टेलिफोन टेबलावर आणून ठेवला आहे. सही आधी की फोन आधी, असे मी विचारले. ‘सही आधी,’ तो म्हणाला, ‘फोननंतर हात चालायचा नाही तुझा.’ म्हणून सही आधी करत आहे. मला भीती वाटते आहे. ही कशाची तरी भीती आहे आणि ती खरी आहे. बऱ्याच वर्षांत मला काही वाटले नव्हते, म्हणून ओळखायला वेळ लागला.

वर लिहिलेले सर्व माझे आहे, खाडाखोड माझी आहे, आणि दोन्ही साक्षीदार मला आणि मी त्यांना पाहत असताना मी यावर सही केली.

स्थळ: सेंट लेनर्ड्स
दिनांक: रविवार, १२ नोव्हेंबर २०१७

(सही) हर्बर्ट क्लेग, ऊर्फ ऑब्रे फेनविक

साक्षीदार १
(सही) थेल्मा पार्जिटर, तळमजला, याच इमारतीत

साक्षीदार २
(सही) मॉरिस हॅडफील्ड, निवृत्त रंगमंच व्यवस्थापक, हेस्टिंग्ज
सहीखाली त्याच हाताने: मला यातलं काही मिळायचं नाही हे समजून सही केली. पाचव्या कलमातलं सगळं खरं आहे. त्या दिवशी मध्यंतरात मी त्याला सांगितलं होतं.