थरथरणारा चहा

४ मे

घरी आले. ११ तारखेपर्यंत एक अक्षर बोलायचं नाही. कुजबुजायचं तर मुळीच नाही, खाकरायचंही नाही. डॉक्टरबाई म्हणाल्या, "स्वरतंतूवर ताजी जखम आहे, मॅडम. तुमची भाषणं ऐकलीत मी, म्हणून दोनदा सांगतेय." गाठ तपासणीला पाठवली आहे. अहवाल ११ लाच, आणि त्याच दिवशी दुर्बिणीतून घसा बघणार. गाठ साधी की दुसरी, यावर घरात चकार शब्द नाही. मी विषय काढू शकत नाही आणि वसंत काढत नाही. तो पंख्याच्या रेग्युलेटरबद्दल बोलतो.

त्याने शाळेतली पाटी आणून दिली आहे. नवऱ्याशी पाटीवर भांडून पाहिलं. जमत नाही. भांडण रंगात येतं तोवर पाटी भरते आणि तो चष्मा शोधायला निघून जातो.

तिखट बंद, गरम बंद. साखर मधुमेहामुळे आधीच बंद, आता जखम भरायची म्हणून आणखी कडक. म्हणजे चहा गेला. "फारच वाटलं तर फिका, गार करून घ्या थोडा." घेतला. कुणीतरी पिता पिता विसरून गेलेला चहा आपण संपवतोय असं वाटलं. शिवाय पातळ काही घेतलं की ठसका लागतो, आणि ठसका म्हणजे त्याच जखमेवर पुन्हा मार. दवाखान्यात जेलीचे चार चमचे दिले होते, ते मात्र अलगद उतरले होते.

चहाची जेली का होऊ नये?

७ जूनला क्रांती चौकात पाण्याच्या प्रश्नावर सभा. शेवटचं भाषण माझं. पत्रकं छापून झाली आहेत.

५ मे

पहिला प्रयोग. घरात चायना ग्रास होतं, समुद्री शेवाळापासून करतात ते. फिक्या चहात विरघळवलं, बिनसाखरेच्या गोडीचे थेंब टाकले, फ्रिजमध्ये ठेवलं. कडक झालं. चमच्याने कापलं की कडा उभ्या राहतात. गिळताना टोचलं, खोकला उसळला. उशी तोंडावर दाबून धरली. नंतर आरशासमोर आ करून कितीतरी वेळ बघत बसले, जणू तिथून काही दिसणार आहे.

संध्याकाळी पाचोडहून आक्का आल्या. वसंतची थोरली बहीण. पिशवी टेकवायच्या आत म्हणाल्या, "तू गप बसलीस म्हनून ऐकलं. म्हनलं बघून तरी यावं."

लग्नापासून आमचा वाद चालू आहे. उपास, नवस, त्यांच्या गळ्यातली तुळशीची माळ, माझं मटण. आता सगळा वाद त्या एकट्याच चालवतात, माझी बाजूसुद्धा. "तू म्हनशील आक्का, देव हाय कुठं. मग मी म्हनते..." आणि जिंकतात. "भावाच्या घरात पहिल्यांदा बोलाया मिळालं बग मला," म्हणाल्या आणि माझ्या पायाला तेल लावायला बसल्या.

उरलेली कडक जेली त्यांनीच खाल्ली. "चहाची वडी व्हय? चांगलीय की." साखर त्यांनाही आहे. तरी आल्या आल्या कपात दोन चमचे घातले आणि मी बघतेय हे दिसलं तसा डबा पदराआड केला.

६ मे

आज नळाला पाणी. टाक्या, बादल्या, पातेली, घरभर धावपळ. या पाण्यासाठी ज्या बाईने माईक बंद पडल्यावरही चौक धरून ठेवला, ती आज पाटी धरून मोरीच्या दारात उभी. पाटीवर: पिंप विसरू नका.

वसंतने गुलमंडीच्या मागच्या केकसामानाच्या दुकानातून जिलेटिनची पूड आणली. डब्यावर बारीक अक्षरात लिहिलंय, जनावरांच्या हाडांपासून. मला त्याचं काही नाही. मी सगळं खाते, आणि ज्याने त्याने आपलं ताट आपण ठरवावं, यावर गावोगाव घसा फोडला आहे. पण घरात माळकरी माणूस आहे. डबा पुस्तकांच्या कपाटात ठेवला, इतिहासाच्या मागे.

पूड गार पाण्यात फुगवायची. चहा गाळून, उकळी पूर्ण बसल्यावर त्यात ढवळायची. जिलेटिन उकळायचं नाही. मला आल्याचा चहा लागतो, म्हणून शेवटी कच्च्या आल्याचा रस पिळला. घशालाही बरं.

७ मे

जमलीच नाही. रात्रभर फ्रिजमध्ये राहून पाण्यासारखी पातळ. मी कपाळाला हात लावला. वसंत पाटबंधाऱ्यातला निवृत्त इंजिनिअर, वाटी तिरपी करून पाहिली आणि म्हणाला, "आलं कच्चं घातलंस. कच्च्या पपईनं मटण गळतं ना, तसलंच काहीतरी. उकळून बघ."

आलं पाण्यात चांगलं उकळलं, मग चहापत्ती, थोडं साय काढलेलं दूध, गाळणी, मग पूड. दुपारी बघितलं तर जमली होती. वाटी जरा हलवली तरी थरथरते. चमचा आत जातो तेव्हा आवाज होत नाही. जिभेवर ठेवली, दाबली आणि ती चहा झाली. गार, आल्याचा, माझा चहा. ठसका नाही, टोचणं नाही. डोळ्यांत पाणी आलं आणि पुढच्याच क्षणी मनात आलं, गिळायला इतकं सोपं काहीतरी शोधून ठेवतेय, ते पुढेही लागणार म्हणून तर नाही ना?

संध्याकाळी शकीलभाई आले, सभेचं बघणारे. मी वाटी पुढे केली. "मॅडम, ये तो हिलतीच जा रई. क्या डाले इसमें?" पाटीवर लिहिलं: हाडांचं जिलेटिन, जनावर कुठलं ते डब्यावर नाही. वाचून हसले. "फिर नक्को, मॅडम. आप खाओ. मेरे को सादी चाय बोलो." त्यांनी विचारलं, मी सांगितलं, त्यांनी ठरवलं. इतकं सोपं असतं हे.

जाताना दारात म्हणाले, "सात तारीख को दूसरा एक नाम रख लें क्या? सिरफ खबरदारी के वास्ते." मी 'नाही' लिहिलं. पुसलं. '११ नंतर' लिहिलं. आक्का गच्चीवर वाळवण काढत होत्या, त्यांना यातलं काही माहीत नाही.

८ मे

आक्का सकाळपासून माझ्या वाटीकडे बघतायत. "तुझी मऊ लोण्यावानी, आन् मला ती दगडावानी दिलीस. मला नाय व्हय त्यातली?" मी नुसती हसले.

वसंत स्वयंपाकघरात हळूच म्हणाला, "दे की. साखरेच्या चहापेक्षा बरं नाही का? तिला कळणारंय कुठं?"

पाटीवर लिहिलं: म्हणूनच नाही.

मग सांगायचं का? सांगितलं तर त्या पाचोडची पहिली गाडी धरतील. पूर्वी मी म्हटलं असतं, धरू देत. आता त्यांची बडबड थांबली की घरात फक्त फ्रिजचा आवाज येतो आणि डोक्यात तो अहवाल. त्यांनी राहावं असं मला वाटतं. हे मी पाटीवर लिहिणार नाही.

मधला मार्ग काढला. चायना ग्रास निम्मं घालून त्यांच्यासाठी वेगळी जेली लावली. तसलीच स्टीलची वाटी, तोच रंग. त्यांच्या वाटीवर चिठ्ठी: आक्का. माझ्या वाटीत काय आहे ते सांगितलं नाही. न सांगणं म्हणजे फसवणं नव्हे, असं स्वतःला बजावलं. सभेत कुणी असं बोललं असतं तर मी त्याला खाली बसू दिलं नसतं.

९ मे

बोलले.

दुपारी लाइट गेली. फ्रिजला पाणी सुटलं, चिठ्ठी भिजून गळाली. खराब व्हायच्या आत खाल्लेल्या बऱ्या म्हणून वसंतने दोन्ही वाट्या बाहेर काढल्या आणि एक आक्कांना दिली. मी न्हाणीतून आले तर त्या खिडकीशी खुर्चीवर, चमचा भरलेला, तोंडाजवळ. आणि चमच्यावरचं ते थरथरत होतं. चायना ग्रास थरथरत नाही.

पाटी पलंगावर होती. त्या चष्म्याशिवाय बसल्या होत्या.

ओरडले. काय ओरडले ते मला ऐकूच आलं नाही. घशात काहीतरी फाटल्यासारखं झालं.

चमचा थांबला. आक्का उठल्या त्या सरळ माझ्याकडे. माझ्या तोंडावर तळहात दाबला. "अगं माय! बोललीस कशाला? डॉक्टरीण काय म्हनली व्हती?" मी वाटीकडे बोट दाखवत राहिले. शेवटी पाटी: यात जनावराची हाडं आहेत. वसंतने वाचून दाखवलं, खालच्या आवाजात, माझ्याकडे न बघता.

त्यांचा हात माळेवर गेला. मग, "तोंडात नाय गेलं." आणि थोड्या वेळाने, "बामनाची पोर हाडं खाती आन् कुणब्याची म्हातारी माळ घालती. उलटंच हाय तुमच्या घरात सगळं." वसंत हसला. त्या हसल्या नाहीत. माझ्याकडे बघत होत्या. "माझ्या एका चमच्यापायी?"

१० मे

सकाळी थुंकीत तांबूस रेघ. हिरडीतलं असेल. घशातलं असेल. वसंतने डॉक्टरबाईंना फोन केला. "उद्या बघूच. तोवर पूर्ण गप्प." रागावल्या का, विचारलं. तो म्हणाला, नाही. म्हणजे रागावल्या.

आक्का गेल्या नाहीत. सगळी भांडी चिंचेने घासली, आपल्या वाटीला लाल दोरा बांधला. माझ्या वाटीला हात लावत नाहीत, वसंतला उचलायला लावतात. पण आलं कुटून चहा त्यांनीच उकळला. "हितवर माझं. पुढं त्यात काय ते तुझं तू घाल."

दुपारी पाटीवर दोघांना विचारलं: काल काय ऐकू आलं?

वसंतने पाटी हातात घेतली. "शब्द नव्हता, सुमन. पत्रा घासावा तसं काहीतरी."

आक्का स्वयंपाकघरातून ओरडल्या, "कान गेले का रं तुझे? 'नको' म्हनली ती. सपष्ट. पाचोडच्या बाजारात भाषन केलं व्हतं, तसाच आवाज."

११ नंतर बोलायचं पहिलं वाक्य मी ठरवून ठेवलं होतं. सभेची सुरुवात ठरवते तसं, घोळून घोळून. ते राहिलंच. आता एकाने पत्रा ऐकला आणि एकीने 'नको'. वसंत मला बरं वाटावं म्हणून कधी खोटं बोलत नाही. हा त्याचा दोष मी जन्मभर त्याला ऐकवला आहे. आणि आक्का माळ घालतात. माळ घातलेल्या माणसाने खोटं बोलू नये, हे त्यांनीच मला शंभरदा सांगितलं आहे.

११ मे

दवाखान्यात, बाकावर. अजून पुकारलेलं नाही. वसंत खिडकीपाशी अहवाल घेण्याच्या रांगेत आहे. पाठमोरा. त्याच्या पाठीवरून काही कळतं का बघतेय.

आक्का हट्टाने आल्या. मांडीवर डबा, त्यात दोन्ही वाट्या. माझी काल रात्री जमवलेली. रिक्षात सगळा रस्ता बोलत होत्या, रस्त्यातल्या खड्ड्यांबद्दल, पाचोडच्या मोसंबीबद्दल. इथं आल्यापासून गप्प.

मी पाटी त्यांच्यापुढे धरली. माळेला हात लावून सांगा, 'नको' ऐकू आलं?

त्यांनी पिशवीतून चष्मा काढला, लावला, वाचलं. पुन्हा वाचलं. माळेचा एक मणी दोन बोटांत धरला, सोडून दिला. मग डबा उघडला आणि त्यातली बिनदोऱ्याची वाटी स्वतःच्या हाताने उचलून माझ्यापुढे केली.

"खा. घसा वाळला आसंल."

वाटी थरथरत होती. मी हात लावायच्या आधीपासून.