मूळ प्रतीतलं शेवटचं पान

प्रिय ठकूबाई,

ते शब्द मूळ प्रतीत नाहीत. एकाही ठिकाणी नाहीत. तू ज्या ग्रंथालयात गेली होतीस तिथल्या जुन्या पुस्तकांच्या विभागप्रमुख बाईंनी चार दिवसांपूर्वी तसं लेखी कळवलं. त्यांनी स्वतः पान न् पान तपासलं आणि शेवटी 'मला वाईट वाटतं' असंही लिहिलं, जे लिहायची त्यांना काही गरज नव्हती. बाबांचं पुस्तक आता निघणार नाही.

बघ, सवय जात नाही. उभा जन्म वर्तमानपत्राच्या टेबलावर काढला, त्यामुळे घर पडलं तरी आधी बातमी, मग दुजोरा कोणाचा, मग बाकीचं. हे बाकीचं फोनवर सांगणं मला जमणार नाही. कागदावर मी अजून बरी आहे. आणि यात तुझी काडीचीही चूक नाही, हे सुरुवातीलाच सांगून ठेवते, म्हणजे पुढचं वाचताना तू उगीच स्वतःला दोष देत बसणार नाहीस.

हे सगळं लहानपणापासून तुझ्या कानांवरून गेलंय, पण तू कधी नीट ऐकलं नाहीस आणि आम्ही कधी आग्रह धरला नाही. म्हणून एकदा सरळ सांगते. चारशे वर्षांपूर्वीचं एक इंग्रजी नाटक. लिहिणाऱ्याचं नाव माहीत नाही. त्या वेळी छापलेली एकच प्रत जगात उरली आहे, ती तू पाहिलीस. दीडशेएक वर्षांपूर्वी एका पाद्र्याने ते नाटक पुन्हा छापलं आणि त्याच्या पुस्तकाची एक प्रत कुठून कुठून फिरत बाबांच्या कॉलेजच्या ग्रंथालयात आली. त्यानंतर ते छापायची कोणाला गरज वाटली नाही. इंग्रजी रंगभूमीच्या इतिहासाचे जाडजूड ग्रंथ आपल्या बाहेरच्या खोलीत छतापर्यंत आहेत, त्यांत या नाटकाला अर्धं वाक्य मिळतं. कर्ता अज्ञात, दर्जा बेताचा. बाबांना ते अर्धं वाक्य सहन झालं नाही.

त्यांचं म्हणणं असं, की त्याच काळातला एक विसरलेला नाटककार आहे, ज्याची दोनच नाटकं नावानिशी उरली आहेत. हे त्याचंच तिसरं. पुरावा म्हणजे त्या माणसाची एक खोड. त्याच्या नाटकात कोणी मेलं की मागे राहिलेले रडत-ओरडत नाहीत. घरातल्या एखाद्या वस्तूबद्दल बोलतात. विझवायची राहिलेली मेणबत्ती, अर्धी शिवलेली बाही, कुत्र्याचं भांडं. तीच खोड या नाटकातही जागोजागी दिसते. दुसऱ्या कोणात ती दिसत नाही, एवढं एक वाक्य लिहिता यावं म्हणून बाबांनी त्या काळची झाडून सगळी नाटकं वाचली, आणि डोळे गेल्यावर माझ्याकडून वाचून घेतली. त्यांना दिसायचं तेव्हा मी ऑफिसातून येऊन चप्पल काढायच्या आत विचारायचे, "आज कोण मेलं?" म्हणजे नाटकात. शेजारच्या बाईंना वाटायचं, आमच्याकडे रोज कोणी ना कोणी जातंच.

घरात त्या लेखकाला आपण 'अनामिक' म्हणायचो. तू एकदा विचारलं होतंस, अनामिककाका जेवायला कधी येणार? बाबा म्हणाले, त्यांचं नाव सापडलं की. तुला ते पटलं, कारण नाव माहीत नसलेल्या माणसाला घरात घ्यायचं नाही हे आम्हीच तुला शिकवलं होतं. गच्चीवर खडूने आखून ते मुलांना जुनं नाट्यगृह समजावून सांगायचे तेही तुला आठवत असेल. टाकीजवळ रंगमंच, कठड्याला टेकून उभे राहणारे प्रेक्षक, आणि कोणाच्या तरी वाळत घातलेल्या चादरी म्हणजे वरचा सज्जा. तसलं नाट्यगृह त्यांनी जन्मात पाहिलं नाही. जे काही कळलं ते पुस्तकांतूनच, आणि तेही दुसऱ्यातिसऱ्याच्या. आम्हाला त्याचा केवढा अभिमान होता. एवढ्या लांब बसून, एवढ्याशा सामानावर!

तू नोकरीसाठी तिकडे परदेशात, म्हणून तुला सुट्टीच्या दिवशी त्या ग्रंथालयात पिटाळलं, ते केवळ बाबांच्या पुस्तकाच्या मुखपृष्ठासाठी. शेवटच्या पानाचा फोटो हवा होता. तिथे मुलगी गेल्यावर बाप एवढंच म्हणतो, की तिचा पेला अजून ओला आहे. पुस्तकाचं नावही त्यावरूनच ठेवलं होतं, 'ओला पेला'. फोटो आला तेव्हा बाबा आंघोळीला गेले होते. मी तो मोठा करून पाहिला आणि ती ओळ शोधायला लागले. ओळ होती, पण पेला नव्हता. त्या जागी कागदच नव्हता. खाली तू लिहिलं होतंस, "बाबांना सांग, त्यांच्या अनामिकाला कसर लागलीये, औषध फवारायला हवं." मी हसलेसुद्धा. मग लक्षात आलं, की पेला जर इथे नाही, तर पाद्र्याच्या पुस्तकात तो आला कुठून?

बाबा बाहेर आले, खुर्चीत बसले, म्हणाले, "वाच." आणि मी पाद्र्याचं पुस्तक मांडीवर उघडून त्यातली ओळ वाचली. असं का केलं ते विचारू नकोस. बाबांचं पुस्तक छपाईला उभं होतं, हा माणूस आयुष्यात पहिल्यांदा मूळ पानासमोर बसला होता आणि त्याचा चेहरा तू पाहायला हवा होतास. त्यांनी पुन्हा वाचायला लावलं. स्वल्पविराम कुठे, अक्षरं कशी, सगळं विचारलं. मी सगळं सांगितलं. ते "छान" म्हणाले.

दुसऱ्या दिवशी मी त्यांच्या शर्टाची बटणं लावत होते. ते म्हणाले, "अगं, त्या काळचे छापणारे इतके शहाणे नव्हते. अख्ख्या पानात एक अक्षर उलटं नाही, एक स्वल्पविराम इकडचा तिकडे नाही? काल तू पाद्र्याचं पुस्तक वाचलंस. आता फोटो वाच." मी दुसऱ्यांच्या मजकुरातल्या थापा ओळखून पोट भरलं, आणि माझी थाप या माणसाने नुसती ऐकून पकडली, ती फार नीटनेटकी होती म्हणून. मग वाचलं. तिचा, आणि पुढे भोक. "भोक म्हणजे?" "भोक म्हणजे भोक." "केवढं?" "माझ्या अंगठ्याएवढं." त्यांनी माझा हात ओढून घेतला आणि अंगठा चाचपून पाहिला, बराच वेळ. मग म्हणाले, "यात पेला बसतो खरा. पण दुसरं काहीही बसेल." त्याच दुपारी त्यांनी मला त्या बाईंना लिहायला लावलं. ती खोड दिसते त्या बाकीच्या जागा त्यांनी पाठ सांगितल्या, मूळ प्रतीत तपासून कळवा म्हणून.

बाईंचं उत्तर सभ्य आहे आणि त्यात पळवाट नाही. प्रत फार खाल्लेली आहे. आम्ही ज्या ज्या जागांवर इमारत उभी केली, तिथे तिथे भोक आहे किंवा डाग. पाद्र्याने ते शब्द आपल्या मनाने भरले. आणि ठकू, त्याने लपवाछपवी केलेली नाही. बाईंनी त्याच्या पुस्तकाची प्रस्तावनाही पाठवली, तीत सरळ लिहिलंय, की झिजलेल्या ओळी मी दुरुस्त केल्या, आणि त्याआधी त्या विसरलेल्या नाटककाराची दोन्ही नाटकं संपादित केल्यामुळे त्याचाच सूर कानात असल्याने फारसं जड गेलं नाही. आमच्या कॉलेजच्या प्रतीला प्रस्तावना नाहीच. कधीतरी पुढची पानं सुटली असतील. बांधणाऱ्याने उरलेली नीट बांधून दिली. पुस्तक थेट पहिल्या अंकापासून सुरू होतं. तिकडच्या ग्रंथालयाच्या सूचीत मूळ प्रतीपुढे 'सदोष' असा शब्द होता, तो आम्ही वाचला होता. आम्हाला वाटलं, मुखपृष्ठ नसेल.

म्हणजे बाबांना जो सूर ऐकू आला तो खरोखरच त्या नाटककाराचा होता, फक्त एका पाद्र्याच्या तोंडून. कान बरोबर निघाला. मी हे त्यांना सांगून पाहिलं. ते म्हणाले, "हो, आणि पुस्तक चूक निघालं. बाजारात कान नाही विकत कोणी."

संपादक काल संध्याकाळी घाईघाईने आला. बाबांचा जुना विद्यार्थी, तोच पुस्तक काढणार होता आणि त्रैमासिकही तोच चालवतो. आधी माझ्याशी स्वयंपाकघरात कुजबुजला, "काकू, तुम्ही समजवा ना सरांना." मग बाहेर येऊन म्हणाला, "सर, मुखपृष्ठावर दुसरं चित्र टाकू. एक तळटीप देऊ, 'पाठाबाबत मतभेद आहेत.' इथून उठून तिकडे बघायला जातंय कोण?" बाबा म्हणाले, "माझी मुलगी गेली होती." तो बिचारा चहा तसाच ठेवून गेला.

तुला वाटेल, बाबांनी हे मोठ्या मनाने घेतलंय. तसं वाटू देऊ नकोस. ते दारातून फेकून दिलेल्या सामानासारखे दिसतात. जेवण ताटात फिरवतात. मी विचारलं, काय वाचू? म्हणाले, "वर्तमानपत्र वाच. तुमच्या चुका निदान दुसऱ्या दिवशी रद्दीत तरी जातात." दोन पानं झाली की हात वर करतात. पूर्वी ते उठताना भिंतीवरच्या पुस्तकांवरून बोटं फिरवत आतल्या खोलीत जायचे, त्यांना तेवढा आधार पुरायचा. आता खोलीच्या मधून चालतात आणि टेबलाला धडकतात. मलाही काही वाचवत नाही. इतकी वर्षं जे मोठ्याने वाचलं ते कशासाठी, असं मनात येतं. तू म्हणायचीस, आई, ती सगळी मेलेली माणसं आहेत. मी चिडायचे. आता चिडता येत नाही.

आज सकाळी मात्र त्यांनी संपादकाला बोलावून घेतलं, आणि म्हणून हे पत्र. पुस्तक मागे घेतलं एवढ्याने भागत नाही, असं ते म्हणाले. त्यांचे या विषयावरचे जुने लेख त्रैमासिकात छापून आलेले आहेत, त्यांच्यावर विसंबून उद्या कोणी आणखी लिहील. तेव्हा खुलासा छापायचा, आणि तो तू लिहायचा. आई नाही, संपादक नाही, तू. कारण मूळ पान पाहणारी आमच्यातली तू एकटी, आणि ज्याने पाहिलं त्याचं नाव वर, असा या धंद्याचा नियम आहे म्हणे. मी म्हटलं, अहो, ती मातीचे नमुने तपासते, तिला बापाचं पुस्तक बुडवायला कशाला लावता? तर म्हणाले, "नमुने तपासते ना? मग तिला जमेल. काय दिसलं ते लिहायचं, काय दिसलं नाही ते लिहायचं." त्यांचं नाव त्यात एकदाच यावं, चूक कोणाची हे सांगणाऱ्या वाक्यात. मला यातलं काही पटत नाही, आणि याहून बरं काही सुचतही नाही. तू 'हो' म्हणालीस तर त्यांच्या सगळ्या आयुष्यातून छापील आणि खरं उरेल ते एवढंच, आणि 'नाही' म्हणालीस तर तेही नाही. हे तुला कोणी परक्याने अचानक सांगू नये, एवढ्यासाठी मी घाई केली, या कागदांचे फोटो काढून आजच तुला पाठवते. संपादक तुला सोमवारी तुझ्या दुपारच्या सुट्टीत फोन करणार आहे. तू काय म्हणालीस ते लगेच इकडे कळवायचं त्याने कबूल केलंय, आणि तो फोन मी घ्यायचा नाही, ते स्वतः घेणार, असं बाबांनी मला बजावलं आहे.

तुझीच, उत्तर काय द्यावं हे तुला सांगू न शकणारी,
आई