फ्रेंच धोबिणीचं सुतक

मंगरूळपीर, ता. ६ जानेवारी १९३७

चि. गुलाबरावास कस्तुराबाईचे अ. आ. वि. वि.

अरे, मास्तर झालास तरी तुला अक्कल कशी ती आली नाही! काल टपालवाल्यानं मळ्यात पाकीट दिलं, तर त्याचा कोपरा फाडलेला. कुणी गेल्याशिवाय कोपरा फाडतात का? सासूबाईंनी पाकीट घरात नेऊ दिलं नाही. तुझे भाऊजी मोट सोडून धावत आले. मी विहिरीपाशी उभी राहून रडत रडत वाचायला लागले, तर मेलं कोण? तुझ्या फ्रेंच पुस्तकातली धोबीण!

तू लिहितोस, भाषांतर करताना तुलाच रडू आलं आणि हात आपोआप कोपऱ्याकडे गेला. तुझं रडू झालं, पण इथं माझा जीव जायची वेळ आली. पुन्हा असं केलंस तर अमरावतीला येऊन वर्गातल्या पोरांसमोर कान पिळीन.

तुझा तो गरिबांच्या बाजूनं लिहिणारा लेखक मात्र आमच्या बायांना फार आवडला. दुपारी मेथीच्या जुड्या बांधताना मी तुझी पत्रं वाचते. विणकराची गोष्ट झाली, दगडफोड्याची झाली, पण धोबिणीनं सगळ्यांना वेड लावलं. पत्रात आलेलं माणूस खोटं कसं असेल, असं त्यांचं म्हणणं. मालकिणीची शाल चोरल्याचा आळ घेऊन तिला हाकललं आणि ती बर्फात मेली, हे ऐकून सगळ्या जणी विहिरीवर डोक्यावरून पाणी घेऊन मगच घरी गेल्या. एवढ्या थंडीत आंघोळ, आणि ती कुणाच्या सुतकाची!

जमनाबाई आठवते ना? इंझोरीला आपल्याकडे सारवायला यायची. मायची नथ गेली तेव्हा मायनं जिला चोर म्हणून हाकललं, तीच. दोन महिन्यांपासून ती आमच्या मळ्यात कामाला आहे. सासूबाई तिला उंबऱ्याच्या आत घेत नाहीत, आणि खरं सांगते, मीही तिच्यावर नजर ठेवते. तिच्या लेकीची, रुखमाची, धनजच्या बंजारा तांड्यात ठरलेली सोयरीक मागच्या महिन्यात मोडली. चोराची लेक नको म्हणाले. जमनाबाई कालपासून सारखी विचारून राह्यली आहे, का बाई, त्या धोबिणीवरचा आळ कुणी काढला का नाही, खरा चोर बोलला का नाही. तेव्हा पुढची गोष्ट लवकर धाड.

लोभ आहेच. तुला अक्कल आली की आणखी वाढेल.

तुझी ताई, कस्तुरा

——

अमरावती, ता. १० जानेवारी १९३७

ती. सौ. ताईस शि. सा. न. वि. वि.

तुझं पत्र काल शाळेत मिळालं. जमनाबाईचं नाव वाचलं आणि मी वर्ग तसाच सोडून बाहेर आलो. ती माझी पत्रं ऐकते हे मला ठाऊक नव्हतं. ठाऊक असतं तर एक ओळसुद्धा लिहिण्याची हिंमत झाली नसती.

त्या पुस्तकात खरा चोर शेवटपर्यंत बोलत नाही. लेखकानं गोष्ट तिथंच सोडली आहे. मी ती पहिल्यांदा वाचली तेव्हा दोन दिवस जेवलो नाही. सगळ्यांना वाटलं, मास्तर फार हळव्या मनाचे. ताई, त्या गोष्टीत मला गरीब बाई दिसली नाही. मला मीच दिसलो.

मायची नथ मी घेतली होती. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, कराला, गावात दंडारीचा नाच होता आणि मला बाईचं सोंग मिळालं होतं. चौदा वर्षांचा होतो. खोटी नथ लावली तर पोरं हसतील, म्हणून कोनाड्यातल्या डबीतून खरी काढली. नाचता नाचता ती गर्दीत कुठं पडली, मला कळलंच नाही. सकाळी मायनं डबी उघडली. आदल्या दिवशी जमनाबाई सारवून गेली होती. तिची ओढणी झाडली, घागऱ्याच्या गाठी सोडायला लावल्या, आणि मी दाराआड उभा होतो. आज बारा वर्षं मी तिथंच उभा आहे. माय गेली तेव्हा वाटलं, आता सुटलो. तसं काही झालं नाही.

माझं ऐक. मी पुस्तकाला नवा शेवट लिहून धाडतो. त्यात चोर सगळ्यांसमोर चोरी कबूल करील. तो जमनाबाईला वाचून दाखव, तिला बरं वाटेल. हे पत्र मात्र बायांत वाचू नकोस.

क्षमा करता आली तर कर, नाही तर रागाच्या का होईना, चार ओळी धाड.

तुझा गुलाब

——

मंगरूळपीर, ता. १४ जानेवारी १९३७

चि. गुलाबरावास,

आशीर्वाद आज लिहवत नाही.

मला मनातल्या मनात वाचता येतं, असं तुला कुणी सांगितलं? तिसरीपर्यंत शिकलेली बाई मी. अक्षर तोंडानं म्हटल्याशिवाय मला कळत नाही, यावरून मायच्या घरी तूच मला चिडवायचास. बायांत वाचू नकोस, हे तू शेवटी लिहिलंस. तिथवर पोचले तेव्हा सगळं वाचून झालं होतं, आणि जमनाबाई माझ्यासमोर अर्धी जुडी हातात धरून बसली होती.

ती रडली नाही. म्हणाली, का मले ठाऊकच होतं. दंडारीच्या सांजेला तुझ्या डोळ्यांत काजळ तिनंच घातलं होतं, तेव्हा नथ तुझ्या नाकात होती. दुसऱ्या दिवशी तिनं मायला तसं सांगितलंही. मायनं दाराआडच्या तुझ्याकडे एकदा पाहिलं, आणि मग जमनाबाईच्याच थोबाडीत मारली, माझ्या लेकरावर आळ घेते म्हणून. गुलाब, आपल्या मायला कळलं होतं रे! आणि मी तरी काय केलं? दोन महिने तिला भाकर वरून टाकत होते.

तिला तुझा नवा शेवट नको आहे. धोबिणीचं त्या फ्रेंच माणसानं लिहिलं तसंच राहू दे, म्हणते. ती म्हणाली, का मास्तरले म्हणा, धनजच्या तांड्यात ये, तांड्याचा मुखिया नायक हरिसिंग, त्याच्यापुढे उभा राह्य, अन् हे पत्र आपल्या तोंडानं वाच. रुखमाची सोयरीक जुळेल का नाही, ते मग पाहू. येत्या २४ तारखेला, रविवारी, मी आणि तुझे भाऊजी बैलगाडी घेऊन मूर्तिजापूरच्या स्टेशनावर येतो. पत्र मी जपून ठेवलं आहे.

आलास तर माझा भाऊ. एवढंच.

कस्तुरा

ता. क. कोपरा पाहून घाबरला असशील. तो जमनाबाईनं फाडला आहे. बारा वर्षं जी चोर म्हणून फिरली ती आज मेली, तिच्या नातलगाला कळवा, म्हणाली. नातलग म्हणून तिनं तुझं नाव सांगितलं.