जयवंता नावाची बाई कोण, हे वामनरावास कळावे

चिरंजीव वामनरावास जयवंताचा आशीर्वाद. जयवंता म्हणजे तुही मोठी बहीण. ओळख सांगा लागून राहिली, कारण कोर्टातल्या तुह्या जबाबात लिहिलं आहे म्हणतात, की ही बाई तुह्या ओळखीचीच नाही. तू चष्मा विसरतं, सायकल बाजारात विसरतं, लग्न लावून येताना सिंधूले एस्टी स्टँडवर विसरला होता, हे मले माहीत होतं. पण सख्खी बहीण विसरायले हिंमत लागते गा. तुही शुगर कशी आहे? सिंधूची कंबर? माहे गुडघे कोर्टाच्या जिन्यानं खाल्ले, बाकी मी ठणठणीत. (अक्षर सूनबाईचं, भावनाचं, बोल माहे. ती मधातच हासते, म्हणून ओळी वाकड्या.)

बाबाच्या बुटीबोरीजवळच्या चार एकरात अर्धा हिस्सा माहा, एवढंच माहं म्हणणं. तीन वर्सांमागं दिवाळीत तू साडी आणली, साडीच्या घडीत हक्कसोडीचा कागद, अन् आंगठ्यासाठी शाईची डबीही. तवा बरं सारं आठवलं तुले! त्या साडीचा पोत पाहून मी ब्लाउजपीसाएवढीही जमीन सोडली नसती. म्हणून दावा टाकला. परवाच्या कोर्टाच्या पेशीले तू आलाच नाही. तुह्या वकिलानं मले पिंजऱ्यात उभं केलं (खुर्ची मागितली, तं म्हणे आधी उत्तर द्या) अन् म्हणे, नत्थूजीची पोरगी असल्याचा कागद दाखवा. आता कागद कुठून आणू? आधारवर नवऱ्याचं नाव. शाळेचा दाखला म्हणाल तं मी शाळेत गेलीच नाही. काहून नाही गेल्या, असं तोच विचारते! मी म्हटलं, साहेब, तुमचा पक्षकार तवा माह्या कडेवर होता. खाली ठेवला की माती खाये, म्हणून मायनं मले शाळेत धाडलंच नाही. तो मॅट्रिक झाला, मी आंगठाछाप राहिली. पुरावाच पाहिजे तं त्याले बोलवा अन् पायजमा वर कराले लावा, डाव्या पोटरीवर माह्या उलथन्याचा डाग सापडंल. सारं कोर्ट हासलं. जजबाईनंही रुमाल तोंडाले लावला, पण कागदावर 'पुरावा नाही' एवढंच लिहून घेतलं.

बाहेर आल्यावर माही वकीलीण मधुवंती मलेच रागावली. म्हणे, आजी, नातं शाबीत झालं नाही तं दावा गेला समजा. पुढची तारीख येत्या मंगळवारची आहे. ती तुह्या वकिलानं सांगितलीच असंल, अन् तू विसरलाच असशीन.

ता. क. : मामा गेले, काकू गेली. मी बाबाची पोरगी होय, हे सांगणारा जिवंत माणूस आता तूच एक. मंगळवारी ये, पिंजऱ्यात उभा राहा, अन् एकदा म्हण, ही माही बहीण होय. मंग दोन एकरासाठी मरेपर्यंत भांडू, माही ना नाही.

दुसरं ता. क. : खोटं बोलायचं असंल तरी ये. पण माह्याकडं पाहून बोल.

तिसरं : हे पत्र मधुवंतीले कळू देऊ नको, ती माही केस सोडंल. कोर्टाच्या कँटीनचा आलुबोंडा मले सोसत नाही. सिंधूले म्हण, तुरीच्या सोल्यांची भाजी अन् ज्वारीच्या चार भाकरी बांधून दे. डबा एकच आण, वाटणी मी करीन.