औरिस्तेलाचे नऊ दिवस

नदीकाठ, ११ मार्च २०००

चि. यानेत हिस तोमासाताईचे अनेक आशीर्वाद. वि. वि.

तेलाची बाटली पोचली. पण केस सरळ करायचं ते औषध पुन्हा पाठवलंस तर नदीत ओतीन, आधीच सांगून ठेवते. तुझ्या वेण्या घालण्यात आईचं निम्मं आयुष्य गेलं, ते काय यासाठी?

आता मन घट्ट कर. आपली औरिस्तेला हरवली. गेल्या शनिवारी ओहोटीला आम्ही दहाजणी शिंपल्या काढायला कांदळवनात शिरलो. आत कोणी कोणाला दिसत नाही, म्हणून आपण हाका घालत राहतो, तुला ठाऊकच आहे. तिची हाक बराच वेळ येत होती. मग थांबली. मला वाटलं, दमली असेल, आणि मी उलट हाक दिलीच नाही. भरती चढल्यावर तिची होडी सापडली. डासांसाठी पेटवलेलं नारळाचं सोडण अजून धुमसत होतं. ती मात्र कुठेच नव्हती.

त्याच्या आदल्या आठवड्यात बूटवाल्यांनी सभा घेतली होती. बंदुका घेऊन आलेल्या या लोकांचं खरं नाव इथे कोणी घेत नाही, आम्ही त्यांच्या रबरी बुटांवरून बोलतो. यापुढे कांदळवनात शिरायचं तर आमची परवानगी घ्या, असं त्यांचं म्हणणं. औरिस्तेलाने उभं राहून तू पाठवलेला कागद वाचला. हे वन आमच्या आज्यांनी राखलं, परवानगी कसली मागायची, असं त्यांच्या तोंडावर सांगितलं. बायकांनी टाळ्या वाजवल्या. पुरुष पायांकडे बघत बसले.

आता तेच पुरुष म्हणतात, ती इक्वादोरच्या कुणाचा हात धरून पळाली. चव्वेचाळीस वर्षांची, गुडघे धरलेली बाई! ही पळणार म्हणे.

जपून राहा. ताईवर माया आहेच, ती पत्रातूनही येत राहू दे.

तुझी, तोमासा

काली शहर, १७ मार्च

ती. ताईस धाकटीचा सा. न. वि. वि.

तुझं पत्र मालकीणबाईंच्या स्वयंपाकघरात उभ्याने वाचलं आणि भात करपला. त्यावरून बोलणीही खाल्ली.

तो कागद माझा होता. रविवारी आम्हा बायकांच्या मंडळात बसून मी तो लिहिला होता. ब्राझीलची एक काळी बाई तेव्हा पाहुणी आली होती, तिने वाचून माझी पाठ थोपटली होती. आता ती थाप आठवली तरी अंगावर काटा येतो.

त्याच मंडळात मागे विद्यापीठातल्या एक गोऱ्या बाई भाषण द्यायला आल्या होत्या. बायकांनी घराबाहेर पडून काम करायला हवं, म्हणाल्या. मी विचारलं, मग आत्ता तुमच्या घरी फरशी कोण पुसतंय? आम्हा काळ्या बायकांच्या आज्यांना कधी कोणी घरी बसा म्हटलंय का? सगळ्या हसल्या, त्या बाई हसल्या नाहीत. पण ब्राझीलवाली म्हणाली ते मला विसरता येत नाही. त्यांच्या वस्तीतही बाई नाहीशी झाली की ती मेली की पळाली, हे पुरुषच ठरवतात, म्हणे.

म्हणून सांगते, तुम्ही ठरवा. तिचे नऊ दिवस घाला. प्रेत नसलं तरी घाला. मेलेल्याची मांडणी मांडली, गाणी म्हटली, की ती मेली हे साऱ्या नदीला कळेल. आणि धडधाकट बाई आपोआप मरत नाही, हेही कळेल. आईमागे गाणं तुझ्याकडे आलंय. तू भिऊ नकोस.

तुझा आशीर्वाद हवाच आहे, रागावून का होईना.

तुझी, यानेत

नदीकाठ, २८ मार्च

चि. यानेतला आशीर्वाद. वि. वि.

भिऊ नकोस म्हणे! कालीत बसून सांगायला तुझं काय जातं? तुझं पत्र वाचून दोन दिवस मी तुझ्या नावाने बोटं मोडली. तिसऱ्या दिवशी औरिस्तेलाच्या घरी गेले.

तिचा नवरा एलादियो दारातच आडवा आला. नऊ दिवस घालायचे नाहीत, म्हणाला. बायको पळून गेली असं बूटवाल्यांनी त्याच्याकडून सभेत वदवून घेतलंय. पोरी लहान आहेत, त्यांच्यासाठी गप्प बसतो, म्हणाला आणि रडायला लागला. मी त्याला भेकड म्हणाले नाही. मनात म्हणाले.

मग मांडणी माझ्याच घरी मांडायचं ठरलं. पांढरी चादर, काळं कापडी फुलपाखरू, मेणबत्त्या. संध्याकाळी पाचनंतर घराबाहेर पडायला बूटवाल्यांची बंदी आहे, म्हणून मेलेल्याची रात्री गायची गाणी आम्ही भर दुपारी गाणार. आई असती तर म्हणाली असती, पोरींनी ताळतंत्र सोडलं.

मला एकच धास्ती आहे. एकटीने हे गाणं होत नाही. मी ओळ टाकायची आणि बाकीच्यांनी ती झेलायची. कोणी आलंच नाही तर ओळ तशीच पडून राहील, आणि बूटवाल्यांना एकटी तोमासा तेवढी सापडेल. त्यांचा इथला माणूस म्हणजे आपल्याच नदीवरचा विल्मर, एर्मिला मावशीचा मुलगा. काल तो माझ्या अंगणात येऊन बाकं मोजून गेला. हसून विचारत होता, कोण वारलं?

शनिवारपासून सुरू करतोय. देवाचं नाव घे.

तुझी, तोमासा

काली, ३ एप्रिल

ती. ताईस सा. न. वि. वि.

थांबव. हे पत्र मिळेल त्या दिवशी थांबव.

काल मंडळात पलीकडच्या नदीवरची एक बाई आली होती. त्यांच्याकडे असेच नऊ दिवस घातले. सातव्या दिवशी गाणारणीला बूटवाल्यांचं बोलावणं आलं. पुढचं तिने सांगितलं नाही आणि आम्हीही विचारलं नाही.

मी मूर्ख आहे, ताई. मला शब्द जुळवता येतात, आणि त्यांची किंमत तुम्ही भरता. औरिस्तेला माझ्या शब्दांपायी गेली, तू जायला नकोस. इकडे ये. खोली लहान आहे, खाट एकच आहे, मी खाली झोपेन. हवं तर तुझ्या हातून वेण्या घालून घेईन, पण ये.

पाया पडते.

यानेत

नदीकाठ, ९ एप्रिल

चि. यानेत, माझ्या बाळे, खूप खूप आशीर्वाद.

तुझं पत्र आठव्या दिवशी हाती आलं. वाचलं आणि चोळीत ठेवलं. कोणाला दाखवलं नाही.

आज नववा दिवस झाला. आम्ही उरलेल्या नऊजणी रोज आलो, एकही चुकली नाही. शेवटच्या गाण्याच्या आधी दारात एर्मिला मावशी उभी. आमच्यातल्या क्लेमेन्सियाने टोमणा मारला, की लेकाने बाकं मोजली, आता आई डोकी मोजायला आली. मावशी आत येऊन कडेच्या बाकावर टेकली.

शेवटी मांडणी उतरवताना आपण दोन रांगा करून वाट सोडतो, मेलेलं माणूस आपल्या देहाकडे जावं म्हणून. देह कुठे आहे हे आम्हाला ठाऊक नव्हतं. आम्ही आपली दफनभूमीच्या दिशेने वाट सोडली. मी ओळ टाकली.

मावशी उठली. बसलेलं बाक तिने उचललं आणि आमची वाट अडवून ठेवलं. मग मागच्या दाराशी गेली, दार उघडलं आणि बाजूला सरून उभी राहिली. त्या दारातून खाडीच्या तोंडाशी असलेली जुनी लाकडाची वखार दिसते. दुसरं काहीच दिसत नाही.

आम्ही रांगा त्या दाराकडे फिरवल्या. मी पुन्हा ओळ टाकली आणि सर्वांत मोठ्याने ती मावशीने झेलली. यानेत, मी ढसाढसा रडले, पण गाणं सोडलं नाही.

मावशी घरी परत गेलेली नाही. तिला परत जायला घर उरलेलं नाही, हे तीही जाणते. ती माझ्या चुलीपाशी बसून मासे साफ करते आहे. विल्मर दोनदा अंगणापर्यंत येऊन गेला. आईला हाक मारायचं धाडस त्याचं झालं नाही. तिसऱ्या खेपेला तो एकटा येणार नाही.

उद्या सकाळच्या ओहोटीला आम्ही वखारीकडे जातोय, हातात फावडी घेऊन. औरिस्तेलाला उघड्यावर ठेवायची नाही, इतकंच ठरलंय. तुझं ऐकलं नाही म्हणून रागावू नकोस, आणि स्वतःला दोष देत बसू नकोस. कागद तुझा होता, पण बोलली औरिस्तेला. त्या दिवशी तिची हाक मी वाऱ्यावर सोडली. आता सोडणार नाही.

सोबतच्या कागदावर आम्हा दहाजणींची पूर्ण नावं आहेत, आईच्या आडनावासकट. पुढच्या होडीने माझं पत्र आलं नाही, तर हा कागद मंडळात मोठ्याने वाच, ब्राझीलला पाठव, जिथे जिथे आपल्या बायका आहेत तिथे पाठव. मी लिहीत होते आणि एकेक जण नाव सांगत होती. शेवटी मावशीपाशी आले तेव्हा सवयीने ‘विल्मरची आई’ असं लिहून बसले. तिने माझ्या हातातली पेन्सिल घेतली आणि ते खोडलं. तिला लिहिता येत नाही. मला म्हणाली, नीट लिही: एर्मिला रियास्कोस कुएरो.

तुझी, तोमासाताई